लोहडीचे ताट आणि पांढऱ्या चॉकलेटचा पाक

चंडीगडहून अंबाल्याकडे जाणाऱ्या महामार्गावर झिरकपूर मागे टाकून घग्गर नदीचा पूल ओलांडला की डेराबस्सी लागते. पूर्वी पतियाळा जिल्ह्यात असलेले हे तहसिलीचे गाव २००६ साली नव्याने झालेल्या मोहाली जिल्ह्यात समाविष्ट झाले. आज ते औषधे आणि रसायने यांच्या कारखान्यांसाठी अधिक ओळखले जाते. जानेवारी उजाडला की पंजाबातील इतर कोणत्याही गावाप्रमाणे येथील बाजारालाही लोहडीचे वेध लागतात. भुईमुगाच्या भाजलेल्या शेंगा, तिळाच्या रेवड्या, गजक आणि मक्याच्या लाह्या यांचे ढीग लागतात. या लाह्यांना पंजाबीत ‘फुल्ले’ असे गोड नाव आहे.

लोहडी साधारणतः १३ जानेवारीला, म्हणजे आपल्या संक्रांतीच्या आदल्या रात्री येते. अंगणात किंवा गल्लीच्या तोंडाशी लाकडे रचून होळी पेटवली जाते, तिच्याभोवती फेर धरला जातो आणि तीळ, रेवड्या, शेंगदाणे व फुल्ले अग्नीला अर्पण करून उरलेला प्रसाद मुठीमुठीने वाटला जातो. अकबराच्या काळातील दुल्ला भट्टी या बंडखोर वीराची आठवण या रात्रीच्या गाण्यांतून जागी राहिली आहे. संकटात सापडलेल्या मुलींची सुटका करून त्याने त्यांची लग्ने लावून दिली, अशी लोककथा आहे.

प्रसादाच्या त्या ताटाकडे पाककलेच्या नजरेने पाहिले तर एक गोष्ट ध्यानात येते. रेवडी गोड, दाणे खारे, लाह्या हलक्या आणि गजक खुसखुशीत; गोड-खाऱ्या चिवड्याचे सर्व घटक तेथे हजर आहेत. उणीव आहे ती फक्त त्यांना एकत्र बांधणाऱ्या पदार्थाची. अमेरिकेत नाताळच्या सुमारास अनेक घरांत असेच मिश्रण केले जाते. लाह्या, दाणे आणि प्रेट्झेल नावाची खारी कडक बिस्किटे एकत्र करून त्यांवर वितळवलेले पांढरे चॉकलेट ओततात आणि थंड झाल्यावर त्याचे ओबडधोबड तुकडे करतात. उत्तर भारतात बदलीच्या निमित्ताने राहणाऱ्या मराठी घरात एका रात्री लोहडी आणि दुसऱ्या दिवशी तिळगूळ अशी जोडी येते. त्या घराला हे मिश्रण विशेष सोयीचे आहे, कारण त्याचे बहुतेक साहित्य घरात आधीच आलेले असते.

आपल्याकडे असे काम पाक करतो. चिक्कीसाठी गूळ इतका आटवावा लागतो की पाण्यात टाकलेला थेंब टणक झाला पाहिजे. याचा अर्थ असा की, पाकातील जवळजवळ सर्व पाणी उडून गेले पाहिजे आणि त्यासाठी उष्णता दीडशे अंशांच्या आसपास न्यावी लागते. तो क्षण हुकला तर चिक्की एक तर चिकट राहते, नाही तर कडू होते. पांढऱ्या चॉकलेटमध्ये पाणी जवळजवळ नसतेच. साखर आणि दुधाची भुकटी यांचे अतिशय बारीक कण कोकोच्या लोण्यात मिसळून ते तयार होते. हे लोणी ३४ अंशांच्या जवळपास, म्हणजे आपल्या शरीराच्या उष्णतेहून थोडे कमी तापमानाला वितळते. म्हणूनच ते हातात मऊ पडते आणि जिभेवर विरघळते. या पाकाला आटवणे नाही, तार पाहणे नाही. त्याला हवी ती मंद ऊब आणि संपूर्ण कोरडेपणा.

मात्र पांढऱ्या चॉकलेटच्या नावाखाली बाजारात दोन वेगळ्या वस्तू मिळतात. १९३० च्या दशकात युरोपात व्यापारी स्वरूपात आलेल्या पांढऱ्या चॉकलेटचा प्राण कोकोचे लोणी हा आहे. ‘कोडेक्स’ या आंतरराष्ट्रीय अन्नमानकानुसार त्यात किमान २० टक्के कोकोचे लोणी आणि १४ टक्के दुधाचे घनपदार्थ असावे लागतात. दुसरी वस्तू म्हणजे ‘कंपाउंड’. तिच्यात कोकोच्या लोण्याऐवजी बहुतांशी वनस्पतीजन्य स्निग्ध पदार्थ असतो. ती स्वस्त असते, पटकन घट्ट होते आणि उन्हाळ्यात टिकते, पण तोंडात मेणासारखा थर रेंगाळतो. वेष्टनावरील घटकांच्या यादीत कोकोचे लोणी दिसते की हायड्रोजनेटेड वनस्पती तेल दिसते, एवढे पाहिले तरी निवाडा होतो. भारतात जानेवारी २०२२ पासून खाद्य तेले व चरबी यांतील ट्रान्स फॅटचे प्रमाण २ टक्क्यांवर मर्यादित केलेले आहे, त्यामुळे कंपाउंड म्हणजे विष असे समजण्याचे कारण नाही. तरीही एकाची किंमत देऊन दुसरे घरी आणू नये.

सुमारे पाऊण किलो मिश्रणासाठी पांढरे चॉकलेट ४०० ग्रॅम, भाजून सोललेले शेंगदाणे १५० ग्रॅम, छोट्या रेवड्या १०० ग्रॅम, मक्याच्या साध्या लाह्या ४० ग्रॅम, कुरमुरे ३० ग्रॅम आणि मखाणे ३० ग्रॅम घ्यावेत. बारीक मीठ एक सपाट चमचा पुरते. दाणे आधीच खारवलेले असतील तर अर्धाच. बाजारातील लोणी लावलेल्या लाह्या येथे उपयोगाच्या नाहीत. मक्याचे वाळलेले दाणे चमचाभर तेलात झाकण ठेवून घरीच फोडावेत. दाण्याच्या पोटातील थोड्याशा ओलाव्याची वाफ होऊन तो १८० अंशांच्या सुमारास फुटतो. झाकण लगेच काढले की वाफ निघून जाते आणि लाही कुरकुरीत राहते. न फुटलेले दाणे निवडून काढणे कंटाळवाणे काम आहे, परंतु पाहुण्यांच्या दातांची काळजी असेल तर ते टाळू नये.

डेराबस्सीच्या थंडीबद्दल एक गैरसमज नवख्या मंडळींचा होतो. थंडी आहे म्हणजे हवा कोरडी आहे, असे त्यांना वाटते. जानेवारीत पंजाबच्या मैदानात पहाटे दाट धुके उतरते आणि त्या वेळी हवेत ओलावा भरलेला असतो. उघड्या ताटातील लाह्या आणि कुरमुरे सकाळपर्यंत सादळून जातात. म्हणून हा घाट दुपारी, ऊन पडल्यावर घालावा. कुरमुरे आणि मखाणे जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर परतावेत. मखाणा बोटांत धरल्यावर चुरला पाहिजे. सर्व कोरडे जिन्नस पूर्ण निवल्यावर मोठ्या परातीत एकत्र करून त्यांवर मीठ भुरभुरावे. मखाण्यांना चमचाभर तूप चोळले तर मीठ त्यांना धरून राहते.

मिठाचे येथील काम केवळ खारटपणा आणण्याचे नाही. फिलाडेल्फियातील मोनेल संशोधन केंद्राच्या शास्त्रज्ञांनी १९९७ मध्ये दाखवून दिले की, मीठ कडवटपणाला दाबते आणि त्यामुळे इतर चवी, विशेषतः गोडी, वर येतात. बासुंदीत किंवा शिऱ्यात चिमूटभर मीठ घालणाऱ्या आपल्या आज्यांना हे प्रयोगशाळेविना ठाऊक होते. शिवाय मीठ स्निग्ध पदार्थात विरघळत नाही. चॉकलेटच्या थरात त्याचे कण जसेच्या तसे राहतात आणि घासागणिक मधूनच जिभेला भेटतात. हीच या पदार्थाची खरी गंमत. मीठ काटकसरीने घातले तर उरते ती नुसती दुधाळ, कंटाळवाणी गोडी.

आता चॉकलेट. पातेल्यात दोन बोटे पाणी उकळून गॅस बंद करावा. त्यावर पाण्याला न टेकणारे, अगदी कोरडे वाडगे ठेवून त्यात बारीक चिरलेल्या चॉकलेटचा दोन तृतीयांश भाग घालावा आणि हळूहळू ढवळत राहावे. पांढऱ्या चॉकलेटमध्ये दुधाचे घटक आणि साखर भरपूर असल्याने ते लवकर करपते. ४५ अंशांच्या वर ते जाऊ नये. वाडगे तळाशी हाताला सोसवेल इतकेच गरम असावे. चॉकलेट पातळ झाले की वाडगे खाली उतरवून, बूड पुसून, उरलेला एक तृतीयांश भाग त्यात मिसळावा. याने ते निवते आणि कोकोच्या लोण्याचे स्फटिक योग्य तऱ्हेने जमू लागतात. थेंबभर चॉकलेट ओठाला लावल्यास किंचित थंड भासले, म्हणजे ते २८-२९ अंशांवर आले. ही पायरी गाळली तरी पदार्थ खाण्याजोगा होतो, मात्र थर मऊ राहतो आणि त्यावर दोन दिवसांत राखाडी डाग येतात. कंपाउंड वापरले असेल तर या खटाटोपाची गरज नाही.

वाफेचा एक थेंब वाडग्यात पडला तरी साखरेचे कण एकमेकांना चिकटून चॉकलेटचा रवाळ गोळा होतो. तसे झाल्यास घाबरून आणखी तापवू नये. ते मिश्रणासाठी निकामी झाले, पण वाया गेले नाही; गरम दूध थोडे थोडे घालून घोटले की त्याचा दाट रस होतो आणि गाजरहलव्यावर तो छान लागतो.

वितळलेले चॉकलेट परातीतील मिश्रणावर ओतून दोन उलथन्यांनी खालून वर हलक्या हाताने फिरवावे. गुळाचा पाक घटकेत आवळतो. चॉकलेट पाच-सात मिनिटांची उसंत देते. रेवड्या सर्वांत शेवटी घालाव्यात, नाही तर जडपणामुळे त्या तळाशी बसतात. बटर पेपरवर मिश्रण पसरून वरून चिमूटभर जाडे मीठ आणि भाजलेले तीळ शिंपडावेत. डेराबस्सीच्या जानेवारीत अर्ध्या तासात थर घट्ट होतो. मुंबई-कोकणात मात्र ताट झाकून पंधरा मिनिटे फ्रीजमध्ये ठेवावे लागते. ते तेथेच विसरू नये, कारण बाहेर काढल्यावर त्यावर दव धरते आणि साखर पाझरते. तुकडे घट्ट झाकणाच्या डब्यात पंधरवडाभर चांगले राहतात.

लोहडीचे वाटप घरातल्या घरात संपत नाही. नवी सून आली किंवा बाळ जन्मले की पहिली लोहडी थाटाने साजरी होते आणि आप्तांना, शेजाऱ्यांना रेवड्या-दाण्यांच्या पिशव्या जातात. हा मान पूर्वी बहुधा मुलाच्या जन्मालाच मिळे. २००१ च्या जनगणनेत पंजाबात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलांमागे केवळ ७९८ मुली आढळल्या आणि साऱ्या देशाला धक्का बसला. त्यानंतरच्या काळात ‘धीयां दी लोहडी’, अर्थात लेकींची लोहडी, घरोघरी आणि सरकारी कार्यक्रमांतूनही साजरी होऊ लागली. २०११ मध्ये हा आकडा ८४६ वर आला. महाराष्ट्राचा मात्र त्याच दशकात ९१३ वरून ८९४ वर घसरला होता, हे येथे विसरून चालणार नाही. संक्रांतीच्या बोरन्हाणात बोरे, उसाचे करवे, कुरमुरे आणि हलवा बाळाच्या डोक्यावरून ओतताना आपल्याकडे लेक आणि लेकरू असा भेद सहसा केला जात नाही. लेकीच्या पहिल्या लोहडीच्या पिशव्यांत हे पांढरे मिश्रण भरले तर ते शोभून दिसेल.

त्या पिशवीवर दोन ओळींची चिठ्ठी मात्र अवश्य लावावी. एक, मिश्रणात शेंगदाणे, तीळ आणि दूध आहे. यांपैकी एखाद्याचे वावडे असणाऱ्याला ते आधी कळले पाहिजे. दुसरी, चार-पाच वर्षांखालील मुलांना हे देऊ नये. अख्खा शेंगदाणा किंवा लाही लहान मुलाच्या श्वासनलिकेत अडकण्याचा धोका खरा आहे आणि ज्या बाळासाठी हा सोहळा मांडला, तेच आसपास रांगत असते. थोड्या मोठ्या, चावून खाणाऱ्या मुलांनाही ते बसवून, हसत-धावत नसताना द्यावे. बोरन्हाणाच्या लुटीत तर हे मिश्रण घालूच नये. जमिनीवर पडलेला दाणा सर्वांत आधी बाळाच्या हाती लागतो. छोट्यांसाठी थोडे चॉकलेट बाजूला काढून त्याच्या नाण्याएवढ्या पातळ चकत्या बटर पेपरवर पाडाव्यात आणि त्यांवर मीठही घालू नये. दीड-दोन वर्षांच्या मुलाला अशी अर्धी चकती पुष्कळ झाली.