ना काटकोन, ना त्रिकोण, तरी ‘लंबकोनी’: लंबकोनी बहुपदी म्हणजे नेमकं काय?

सोलापूरहून अक्कलकोटच्या रस्त्याने निघालात की कुंभारी लागते. विडी कामगार महिलांच्या घरकुलांमुळे हे गाव राज्यभर माहीत झालं. गोदूताई परुळेकर वसाहतीची १० हजार घरं २००६ मध्ये मिळाली, पुढे रे नगरचा ३० हजार घरांचा प्रकल्प आला. समजा अशा आखीव वसाहतीत तुम्ही पहिल्यांदाच पाहुणे म्हणून गेलात आणि फोनवर पत्ता मिळाला, “पूर्वेला चार गल्ल्या या, मग उत्तरेला सहा घरं सोडा.” तुम्ही चुकून पूर्वेला पाच गल्ल्या गेलात, तरी ‘उत्तरेला सहा घरं’ हा आकडा बदलत नाही. फक्त पहिला आकडा दुरुस्त करायचा, दुसऱ्याला हात लावायचा नाही.

आता हाच पत्ता ‘पूर्वेला अमुक आणि ईशान्येला तमुक’ असा दिला असता तर? ईशान्येला टाकलेलं प्रत्येक पाऊल थोडं पूर्वेलाही नेतं. एक आकडा बदलला की दुसराही बदलावा लागतो.

गणितातल्या ‘लंबकोनी’ या शब्दाचं मर्म एवढंच आहे. काटकोन हे त्याचं जुनं रूप, आणि ‘एकाचा दुसऱ्यात हस्तक्षेप नाही’ हे त्याचं खरं काम.

शब्द आला कुठून?

मूळ शब्द ‘ऑर्थोगोनल’. ग्रीकमध्ये ‘ऑर्थोस’ म्हणजे सरळ आणि ‘गोनिया’ म्हणजे कोन. हाडांच्या डॉक्टरांच्या पाटीवरच्या ‘ऑर्थोपेडिक’मधला ऑर्थो हाच. मराठीत लंबकोनी किंवा लंबकोनीय म्हणतात, हिंदी पुस्तकांत ‘लांबिक’ दिसतो. ‘बहुपदी’ तर नववीत सगळ्यांच्या वाट्याला आलेली असते: क्ष, क्षचा वर्ग, क्षचा घन यांना आकड्यांनी गुणून केलेली बेरीज. लग्नातल्या सप्तपदीशी तिचा संबंध नाही. इथे ‘पद’ म्हणजे बेरजेतला एक घटक.

मग ‘लंबकोनी बहुपदी’ म्हणजे काय? दोन बहुपदींचे आलेख एकमेकांना काटकोनात छेदतात, असं पुष्कळांना वाटतं. तसं नाही. आलेख कसेही छेदोत, त्याच्याशी काही देणंघेणं नाही.

काटकोन ओळखायची दुसरी रीत

आलेखाच्या कागदावर शून्यापासून दोन बाण काढा. एक (३, ४) या बिंदूपर्यंत, दुसरा (४, −३) पर्यंत. कोनमापक लावलात तर काटकोन दिसेल. पण कोनमापकाशिवायही तो कळतो. पहिल्याला पहिल्याने गुणा, दुसऱ्याला दुसऱ्याने, आणि बेरीज करा: १२ आणि −१२, बेरीज शून्य. बेरीज शून्य आली की काटकोन.

या रीतीची गंमत म्हणजे तिला कागद लागत नाही. दोनऐवजी पाच आकडे असतील तर असा बाण आपल्याला काढता येणार नाही, पण गुणाकार आणि बेरीज करता येतेच. मग आपण म्हणायचं की हे पाच-पाच आकडे एकमेकांना ‘लंबकोनी’ आहेत. शब्द भूमितीतून आला, काम हिशोबाचं करू लागला.

पाच वाफे, पाच आकडे

सोलापूर म्हणजे रब्बी ज्वारीचा मुलूख. समजा, एकाच शेतात ज्वारीचे पाच वाफे केले आणि हेक्टरी ०, २०, ४०, ६० आणि ८० किलो नत्र दिलं. (४५ किलोच्या युरियाच्या गोणीत ४६ टक्के नत्र, म्हणजे पावणेएकवीस किलोच्या आसपास. थोडक्यात प्रत्येक पायरी साधारण एका गोणीची.) धान्य निघालं हेक्टरी १०, १४, १६, १७ आणि १६ क्विंटल. हे आकडे मी समजावण्यासाठी घेतलेले आहेत, कुठल्या प्रयोगाचे नाहीत. त्यांच्या भरवशावर खत टाकू नका.

प्रश्न असा: एक किलो नत्राने किती ज्वारी वाढते?

या पाच आकड्यांतून जवळात जवळ जाणारी सरळ रेषा काढली तर उत्तर येतं साडेसात किलो. पण उत्पन्न शेवटी वाकलेलं दिसतंय. म्हणून कुणी समीकरणात नत्राच्या वर्गाचं पद घातलं आणि पुन्हा हिशोब केला. आता नत्रापुढचा आकडा होतो २३.२ किलो! वाफे तेच, ज्वारी तीच, आणि आकडा तिपटीहून जास्त. एखाद्या पोस्टमध्ये ‘किलोला साडेसात’ आणि दुसरीत ‘किलोला तेवीस’ असं आलं तर खाली भांडण ठरलेलं. दोघंही हिशोबात चुकलेले नसतात. पहिला सगळ्या टप्प्याची सरासरी सांगतोय, दुसरा अगदी सुरुवातीचा, शून्य नत्राजवळचा वेग सांगतोय. नत्र आणि नत्राचा वर्ग ही दोन पदं ‘पूर्व’ आणि ‘ईशान्य’सारखी आहेत, एकमेकांत मिसळलेली. म्हणून दुसरं आलं की पहिल्याचा आकडाही हलतो आणि त्याचा अर्थही.

आता लंबकोनी रीत. पाच समान पायऱ्यांसाठी हे आकडे तयार मिळतात:

चढ मोजण्यासाठी: −२, −१, ०, १, २
वाक मोजण्यासाठी: २, −१, −२, −१, २

या दोन ओळी जागच्या जागी गुणून बेरीज करून बघा: −४, १, ०, −१, ४. बेरीज शून्य, म्हणजे लंबकोनी. दुसरी ओळ आकाशातून पडलेली नाही. पहिल्या ओळीतल्या आकड्याला क्ष म्हणा, त्याचा वर्ग करून २ वजा करा, दुसरी ओळ तयार. ‘क्ष’ आणि ‘क्षचा वर्ग वजा २’ या दोन बहुपदी या पाच बिंदूंवर लंबकोनी आहेत, असं म्हणायचं ते यासाठी.

ज्वारीचे आकडे पहिल्या ओळीने गुणून बेरीज केली की येतात १५. ओळीतल्या आकड्यांच्या वर्गांची बेरीज १०, तिने भागलं की १.५. म्हणजे प्रत्येक पायरीला सरासरी दीड क्विंटल, किलोला साडेसात किलो. दुसऱ्या ओळीने गुणलं की बेरीज −११ येते. भागाकार १४ ने, उत्तर साधारण −०.७९. उणे चिन्ह सांगतं की उत्पन्नाची रेषा खाली वाकतेय. आणि महत्त्वाचं म्हणजे वाक मोजल्यामुळे चढाचा दीड बदलला नाही. तिसरी, चौथी ओळ घेतली तरी तो दीडच राहील.

दोन्ही एकत्र मांडले की या काल्पनिक शेतात सर्वाधिक उत्पन्न ५९ किलो नत्राजवळ येतं. नुसत्या सरळ रेषेवर विसंबलेला माणूस चौथी गोणीही ओतेल, कारण त्याच्या हिशोबात प्रत्येक गोणीला दीड क्विंटल ज्वारी वाढतच राहते. खरं तर चौथ्या गोणीला ज्वारी एक क्विंटलने घटलीय, आणि गोणीचे पैसे वेगळे.

या ओळींचे तक्ते रोनाल्ड फिशर आणि फ्रँक येट्स यांनी १९३८ साली छापलेल्या संख्याशास्त्रीय कोष्टकांत आहेत. संगणक नसताना शेतीप्रयोगांचे हिशोब हातानेच व्हायचे, तेव्हा हे तक्ते फार उपयोगी पडत. एक अट मात्र पाळावी लागते. पायऱ्या समान हव्यात. ०, २०, ४०, ८० असं केलंत तर तयार तक्ता चालत नाही, नव्या ओळी काढाव्या लागतात.

शब्द वापरताना कुठे चुकतं?

‘ही बहुपदी लंबकोनी आहे’ हे वाक्य अर्धवट आहे. ‘हा माणूस मेहुणा आहे’ म्हटल्यासारखं. कुणाचा मेहुणा? लंबकोनीपण एकट्या बहुपदीचं नसतं, दोघींमधलं असतं. शिवाय ते कोणत्या बिंदूंवर किंवा कोणत्या टप्प्यात मोजलं आणि कुठल्या भागाला किती भार दिला, हेही सांगावं लागतं. वरच्या दोन बहुपदी पाच बिंदूंवर लंबकोनी आहेत. वाफे सात केले तर २ च्या जागी ४ वजा करावे लागतील.

बिंदू सुटे न घेता सलग टप्पा घेतला, तर बेरजेच्या जागी आलेखाखालचं क्षेत्रफळ येतं. −१ ते १ या टप्प्यात सगळीकडे सारखा भार दिला की मिळतात लझांद्रच्या बहुपदी. फ्रान्सच्या लझांद्रला त्या १७८० च्या दशकात गुरुत्वाकर्षणाच्या हिशोबात सापडल्या. त्याच टप्प्यात टोकांना जास्त भार दिला की चेबिशेवच्या बहुपदी. रशियाचा चेबिशेव वाफेच्या इंजिनातल्या दांड्यांची चाल जास्तीत जास्त सरळ कशी करता येईल हे बघत होता. त्यातून १८५४ साली त्या निघाल्या. हर्मिट, लागेर अशी आणखी भावंडं आहेत. फरक मुख्यतः टप्प्याचा आणि भाराचा.

आणि तुमच्या फोनमध्ये?

चेबिशेव तर तुमच्या रोजच्या वापरात आहे. जेपेग फोटो ८ गुणिले ८ अशा ६४ ठिपक्यांच्या चौकटींत तोडला जातो आणि प्रत्येक चौकटीचं रूपांतर ६४ आकड्यांत होतं. ‘या ठरावीक नक्षीचा अंश किती’ हे प्रत्येक आकडा सांगतो. नक्ष्या कोसाइनच्या लाटांच्या असतात, आणि कोसाइन व चेबिशेव एकाच घरचे. अकरावीत आपण शिकतो की कॉस २θ म्हणजे कॉस θ च्या वर्गाची दुप्पट वजा १. ती चेबिशेवची दुसरी बहुपदीच आहे. ही रीत नसीर अहमद, टी. नटराजन आणि के. आर. राव यांनी १९७४ साली मांडली.

नक्ष्या एकमेकींना लंबकोनी असल्यामुळे बारीक नक्षीचे आकडे पुसले तरी बाकीच्यांना धक्का लागत नाही. फोटो हलका होतो आणि चेहरा चेहराच राहतो. फार फॉरवर्ड झालेल्या सुप्रभातच्या फोटोत जे चौकोन-चौकोन दिसू लागतात, ते याच ८ गुणिले ८ च्या चौकटींचे.

एक मराठी घरातलं नाव

दामोदर धर्मानंद कोसंबी हे नाव बहुतेकांनी इतिहासकार म्हणून ऐकलेलं असतं. पेशाने ते गणितज्ञ. गोव्यात १९०७ साली जन्मलेले, बौद्ध धर्माचे अभ्यासक धर्मानंद कोसंबी यांचे चिरंजीव. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात शिकवत असताना, १९४३ मध्ये त्यांनी इंडियन मॅथेमॅटिकल सोसायटीच्या नियतकालिकात एक लेख लिहिला. लझांद्र किंवा चेबिशेव यांच्या बहुपदी आधीच ठरलेल्या असतात, माहिती नंतर त्यांच्यावर बसवायची. कोसंबींनी उलट वाट धरली. समोरच्या माहितीतूनच तिला सर्वात साजेशा लंबकोनी दिशा शोधून काढायच्या. या दिशा बहुपदीच असतील असं नाही, पण ‘एकीचा दुसरीत हस्तक्षेप नाही’ ही अट तीच.

नंतरच्या काही वर्षांत फिनलंडचे कारहुनेन आणि फ्रान्सचे लोएव्ह स्वतंत्रपणे तिथे पोहोचले आणि पद्धतीला त्यांची नावं चिकटली. आता काही लेखक तिला कोसंबी–कारहुनेन–लोएव्ह असं म्हणतात. वाऱ्या-पाण्याच्या खळबळत्या प्रवाहांपासून हवामानाच्या नकाशांपर्यंत ती वापरली जाते.