‘बरं चाललंय’ म्हणजे काय?

थंडी पडून ऊन कोरडं झालं की वसईच्या पट्ट्यातल्या आगाशीत आत्याच्या अंगणात सुकेळी पडतात. राजेळी केळी पिकली की सोलायची आणि उन्हात मांडायची. दव पडायच्या आत गोळा करून केळीच्याच सुक्या पानांत झाकून ठेवायची, सकाळी पुन्हा उन्हात. असं आठवडाभर. केळं हळूहळू मधाच्या रंगाचं होतं, बोटांना चिकटायला लागतं. मग सुक्या पानात घट्ट गुंडाळून सोपटानं बांधलेली पुडी. वरून साखरेचा कणसुद्धा नाही. १८८२ च्या ठाणे जिल्हा गॅझेटियरनं आगाशीच्या सुक्या केळ्यांची दखल घेतली होती. आता सुकेळी करणारी घरं फार थोडी उरलीत.

मागच्या हिवाळ्यात मी आत्याला विचारलं, “एवढा खटाटोप कशाला? विकून मिळतात किती?” ती केळं उलटत म्हणाली, “मिळायला करते असं कोण म्हणालं तुला?”

माणसाचं आयुष्य चांगलं चाललंय असं कधी म्हणायचं, हा तत्त्वज्ञानातला फार जुना प्रश्न. डेरेक पार्फिट या ब्रिटिश तत्त्वज्ञानं १९८४ साली त्याच्या उत्तरांची तीन गटांत मांडणी केली, आणि आजही चर्चा बरीचशी त्याच चौकटीत चालते. पहिलं उत्तर सुखाचं: मनाला जितकं सुख जास्त आणि दुःख कमी, तितकं आयुष्य चांगलं. दुसरं इच्छेचं: जे हवं ते मिळालं की झालं. तिसरं म्हणतं, काही गोष्टी मुळातच चांगल्या असतात, जसं ज्ञान, मैत्री, मन लावून केलेलं काम. आपल्याला त्या हव्याशा वाटोत न वाटोत, त्यांच्यावाचून आयुष्य उणंच राहतं.

आत्याचं उत्तर यातल्या कुठल्या गटात बसतं? सुख म्हणावं, तर उन्हात कंबर मोडते. इच्छा म्हणावी, तर वाडी विकून ती विरारला लिफ्टच्या इमारतीत राहू शकली असती. तसं तिच्या मनात येऊनही गेलं होतं.

अमेरिकन तत्त्वज्ञ रॉबर्ट नोझिक यानं १९७४ मध्ये एका कल्पित यंत्राची गोष्ट सांगितली. यंत्राला जोडून घेतलं की हवा तो अनुभव मिळेल आणि तो खोटा असल्याचा पत्ताही लागणार नाही. जन्मभरासाठी जोडून घ्याल का? बहुतेकांना ते नको वाटेल, असं त्याचं म्हणणं. मला ते आगाशीत पटतं. सुकेळी केल्याचा भास आणि सुकेळी करणं यांत फरक आहे. पुडी कुणाच्या तरी हातात जायची असते, चुलतभावाच्या लेकीनं ती खायची असते. भासातल्या सुकेळ्याला खाणारं कुणी नसतं.

पण हे सगळे ब्रिटन-अमेरिकेचे लोक झाले. आगाशीपासून थोड्याच अंतरावर, सोपाऱ्यात, हाच प्रश्न बावीसशे वर्षांपूर्वी दगडावर कोरला गेला होता. १८८२ मध्येच पंडित भगवानलाल इंद्रजी यांना तिथं सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. १९५६ मध्ये जवळच्या भुईगावात नवव्या लेखाचा तुकडा मिळाला. तुकडे तुटके आहेत, पण हेच लेख गिरनार, काळसी अशा ठिकाणीही कोरलेले असल्यानं आशय पुरता कळतो.

नववा लेख ‘मंगल’ या शब्दावर आहे. आजारपणात, लग्नात, मूल जन्मताना, प्रवासाला निघताना लोक नाना मंगलविधी करतात, असं राजा म्हणतो. करावेत, त्याची मनाई नाही, पण त्यांचं फळ थोडं आणि बेभरवशाचं. खरं फळ देतं ते धर्ममंगल. त्यात काय येतं, याची तो यादीच देतो: दास आणि नोकरांशी नीट वागणं, वडीलधाऱ्यांचा आदर, प्राणिमात्रांबाबत संयम, श्रमण-ब्राह्मणांना दान.

ही यादी मी अनेकदा वाचली आहे आणि दर वेळी पहिल्या नावापाशी अडखळलो आहे. राजाला मंगल सांगायचं होतं, तेव्हा आधी आठवले ते राबणारे. मंगल म्हणजे माझ्या घरावर उतरणारी कृपा, ही समजूत त्यानं बदलली आणि आपण दुसऱ्याशी कसे वागतो तिथं मंगल नेऊन ठेवलं. आगाशीच्या भवानीशंकराच्या कुंडात अंघोळ केली की त्वचेचे रोग जातात, ही जुनी श्रद्धा गॅझेटियरनंही नोंदवली आहे. लोक मनोभावे येत आले आहेत, आणि अशोकानंही त्यांना अडवलं नसतं. पण कुंडावरून परतल्यावर वाडीतल्या गड्याशी कसे बोलता, एवढं त्यानं नक्की विचारलं असतं.

वसईच्या या पट्ट्यानं चांगल्या जगण्याचा आपला असा एक साचा घडवला होता. त्याचं रूप पाहायचं असेल तर बावखल पाहावं. बावखल म्हणजे वाडीतलं खोदलेलं तळं. पावसाचं पाणी त्यात साठायचं, विहिरींत झिरपायचं आणि समुद्राचं खारं पाणी आत शिरू द्यायचं नाही. रहाटाला लोटे बांधून बैलानं ओढलेलं पाणी विड्याच्या वेलींना, केळींना, फुलांना जायचं. पंप आले आणि उपसा वाढला. पुढं टँकरनं पाणी विकलं जाऊ लागलं, बावखलं बुजली, कित्येक विहिरी मचूळ झाल्या.

१९८० च्या दशकाच्या अखेरीस बांधकामांची लाट इथं आदळली, तेव्हा हरित वसई संरक्षण समितीनं आंदोलन उभं केलं. त्यात पुढं होते आगाशीशेजारच्या नंदाखालचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो, ‘सुवार्ता’ मासिकाचे संपादक, पुढं २०२० च्या उस्मानाबाद साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. २०२४ च्या जुलैत ते गेले. त्या लढ्याला कुणी ‘विकासाला विरोध’ म्हणालं, तेव्हा मला वाईट वाटायचं. कारण विकास हवा की नको, हा तिथला वाद नव्हताच. चांगलं जगणं पैशात मोजता येतं का आणि ते मोजायचं कुणी, यावर तो वाद होता. २००९ मध्ये इथं महानगरपालिका झाली आणि आमचं गाव त्यातून वगळा म्हणून गावं उठली, त्यामागंही हाच प्रश्न होता.

मात्र त्या हिरव्या साच्यात सगळ्यांना सारखी जागा नव्हती, हे लिहिल्याशिवाय हा लेख खरा होणार नाही. वाडी शिंपायला, बावखलातला गाळ उपसायला आदिवासी गडी-माणसं होती. त्यांना विचारलं तर उत्तर यायचं, “बरं चाललंय.”

अर्थतज्ज्ञ अमर्त्य सेन यांनी नेमक्या या उत्तरापाशी थांबायला शिकवलं. बंगालच्या दुष्काळानंतर, १९४४ मध्ये, कलकत्त्याजवळ सिंगूरला एक पाहणी झाली. बायको गेलेल्या पुरुषांपैकी ४८.५ टक्क्यांनी आपली तब्येत बरी नसल्याचं सांगितलं, विधवांपैकी फक्त २.५ टक्क्यांनी. विधवा धडधाकट होत्या म्हणून नव्हे. तक्रार करण्याजोगं आपलंही काही असतं, ही अपेक्षाच त्यांच्यात उरली नव्हती. म्हणून सेन म्हणतात, माणूस किती समाधानी आहे एवढ्यावर जाऊ नका. तो प्रत्यक्षात काय करू शकतो, काय होऊ शकतो, ते बघा. सेन यांच्या या विचाराचा आधार घेऊन अर्थतज्ज्ञ महबूब उल हक यांनी १९९० मध्ये मानव विकास अहवाल सुरू केला आणि देशांची मोजणी उत्पन्नाबरोबर आयुर्मान आणि शिक्षणावरही होऊ लागली.

आत्याच्या वाडीत एक वारली बाई कामाला येते. सुकेळी झाकायला ती आत्याला हात देत होती. मी विचारलं, “कसं काय चाललंय?”

“बरं चाललंय,” ती म्हणाली.

थोड्या वेळानं मी वेगळं विचारलं. राहते ते घर कुणाच्या नावावर, पाणी कुठून आणते, मुलगी कितवीत. हातातलं पान तसंच धरून ती बोलायला लागली. घर मालकाच्या जागेत आहे. नळ त्यांच्या अंगणात, ते घरी नसले की बंद. मुलगी दहावी झाली, पुढं नर्सिंगला जायचं म्हणते, पण जातीच्या दाखल्यासाठी आजोबांचा कागद मागतात आणि आजोबांचा कागद कुणी केलाच नव्हता. दाखल्यासाठी ती तीनदा हेलपाटा घालून आली होती, तीन दिवसांची मजुरी बुडवून.

आत्या केळी झाकायची थांबली होती. इतक्या वर्षांत तिनंही हे विचारलं नव्हतं. “सोमवारी मी येते तुझ्याबरोबर,” ती म्हणाली, “केळी एक दिवस इथं हा बघेल.” आणि पानं माझ्या हातात दिली.