विंचूदंश : वेदनेपेक्षा घाम अधिक बोलका

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. सत्तरी ओलांडलेल्या एका आजोबांना परसातला लाकूडफाटा उचलताना बोटाला विंचू चावला. आरंभी ठणका होता. तासाभरात तो फारसा जाणवेनासा झाला. ‘विष उतरले’ असे म्हणून घरच्यांनी त्यांना खाटेवर निजवले. सुनेचे मात्र लक्ष होते. सासऱ्यांचा सदरा घामाने भिजला, दोनदा उलटी झाली, हातपाय गार पडले. तिने त्यांना तडक माझ्याकडे आणले. रक्तदाब बराच चढला होता आणि धाप लागू लागली होती. औषध देऊन त्यांना लगेच रुग्णालयात पाठवले, ते बचावले. सुनेने ठणक्यावर नव्हे, घामावर विश्वास ठेवला, म्हणून.

विंचू हा कीटक नव्हे. कीटकांना सहा पाय असतात. विंचू, कोळी, गोचीड आणि खरजेचा सूक्ष्म जीव हे सारे आठ पायांच्या अष्टपाद वर्गातले. त्यांना मिशांसारख्या शृंगिका नसतात आणि पंखही नसतात. चाळीस कोटी वर्षांहून अधिक काळ विंचू पृथ्वीवर आहेत. मादी अंडी घालत नाही, पिलांना जन्म देते आणि पहिली कात टाकेपर्यंत त्यांना पाठीवर वागवते. शेपटीच्या टोकाशी विषाची पिशवी आणि नांगी असते.

आपल्याकडे दोन प्रकार विशेष आढळतात. मोठी काळी इंगळी पाहून छाती दडपते. तिचे पुढचे चिमटे जाड असतात, पण विष तुलनेने सौम्य. लहानखुऱ्या लाल विंचवाचे चिमटे बारीक आणि शेपटी जाड असते. प्राणघातक ठरतो तो हाच. आकारावरून भीतीचे माप काढू नये.

लाल विंचवाचे विष मज्जातंतूंना अखंड चेतवत ठेवते. शरीरात उत्तेजक संप्रेरकांचा पूर येतो, रक्तवाहिन्या आकसतात, रक्तदाब चढतो, हृदय थकते आणि फुप्फुसांत पाणी साचते. गंभीर विषबाधेत दंशाच्या जागी वेदना अल्पही असू शकते. म्हणून दरदरून घाम, उलटी, गार हातपाय, छातीत धडधड वा धाप यांपैकी काहीही दिसले, तर क्षणाचाही विलंब नको.

रायगड जिल्ह्यातील महाड येथे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी या रुग्णांचा दीर्घ अभ्यास केला. रक्तवाहिन्या सैल करणारे प्राझोसिन हे औषध येथे जीवनदायी ठरते, हे त्यांनी १९८६ मध्ये ‘लॅन्सेट’ या नियतकालिकातून मांडले. त्याला प्रतिविषाची जोड दिल्यास रुग्ण लवकर सावरतो, हे २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या अभ्यासात दिसले. २०२२ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

दंश झाल्यास रुग्णाला धीर द्यावा, आडवे निजवावे, अंगठी व बांगड्या काढाव्यात, ठणक्यावर कापडात गुंडाळलेला बर्फ धरावा आणि रुग्णालय गाठावे. चिरा देणे, रक्त चोखणे, घट्ट आवळपट्टी बांधणे, मांत्रिकाकडे वेळ दवडणे हे सर्व टाळावे. प्राझोसिन स्वतःहून देऊ नये. त्याने उभे राहताना रक्तदाब एकाएकी उतरतो आणि वृद्ध व्यक्ती कोसळू शकते. औषधानंतर त्यांना एकट्याने उठू देऊ नका. रक्तदाबाच्या वा हृदयाच्या नेहमीच्या गोळ्यांची चिठ्ठी सोबत न्या.

मधुमेहामुळे ज्यांच्या पावलांची संवेदना मंदावली आहे, त्यांना दंश कळणारही नाही. त्यांनी घरातही चप्पल घालावी. पादत्राणे झटकून घालावीत, रात्री उशाशी विजेरी ठेवावी, अंथरूण भिंतीपासून दूर घालून मच्छरदाणी खोचावी.

एक सूचना कोळ्याविषयीही. अंगाच्या एकाच बाजूला पट्ट्यासारखे वेदनामय फोड उठले की ‘कोळी फिरला’ असे म्हणून घरी लेप लावले जातात. बहुधा ती नागीण असते आणि तिचे औषध पहिल्या ७२ तासांत सुरू केल्यास अधिक गुण येतो. बिचाऱ्या कोळ्याला दोष देण्याआधी डॉक्टरांना दाखवा.

घरातल्या वडीलधाऱ्यांनी ‘मला काही होत नाही’ म्हटले, तरी त्यांचा हात हातात घ्या. तो गार आणि घामाने ओला लागला, तर शब्दांवर नव्हे, हातावर विश्वास ठेवा.