कळलं कधी, पोहोचलं कधी?

जुलैतल्या एका सोमवारी ओपीडीत एक आजी नातवाला घेऊन आल्या. दीड वर्षाचं पोर, आदल्या दिवसापासून जुलाब. डोळे खोल गेलेले, जीभ कोरडी, पोटाची कातडी चिमटीत धरून सोडली की सावकाश जागेवर येत होती. "पाणी बंद ठेवलंय कालपासून, तरी थांबेना," आजी म्हणाल्या. माझा आवाज जरा चढलाच. तेव्हा त्या शांतपणे म्हणाल्या, "याच्या बापाच्या वेळी डॉक्टरांनीच सांगितलं होतं, पोटाला आराम द्या म्हणून."

खोटं नव्हतं ते. जुलाबात पोट रिकामं ठेवावं, असं डॉक्टरच एकेकाळी सांगत. आजींनी तो सल्ला तीसेक वर्षं जपून ठेवला होता. तो बदलल्याचं त्यांना कुणी कळवलंच नव्हतं. खरं तर बाप लहान होता तेव्हाही तो सल्ला शिळाच होता. मला ओशाळल्यासारखं झालं.

तेव्हापासून एक काल्पनिक अकादमी माझ्या डोक्यात आहे. काळ आणि ज्ञान यांच्या अभ्यासाची. तिथे नवी औषधं शोधायची नाहीत. फक्त एक मोठी नोंदवही ठेवायची, प्रत्येक वैद्यकीय माहितीसमोर तीन तारखा: कळलं कधी, रुग्णापर्यंत पोहोचलं कधी, आणि शिळं झालं कधी. सरकारी इस्पितळात इतकी वर्षं काढल्यावर माणसाला नोंदवह्याच सुचणार, दुसरं काय!

या वहीचं पहिलं पान ओआरएसला. १९५३ साली कोलकात्याच्या डॉ. हेमेंद्रनाथ चटर्जी यांनी कॉलऱ्याच्या रुग्णांना तोंडाने मीठ-ग्लुकोजचं पाणी देऊन बरं केल्याचं 'लॅन्सेट'मध्ये छापलं. रुग्ण होते १८६. पण तुलनेसाठी दुसरा गट नव्हता, आणि असं पाणी आतड्यात शोषलं का जावं याचं शास्त्रीय कारणही तेव्हा हाती नव्हतं. कुणी फारसं लक्ष दिलं नाही. ते कारण १९६०च्या दशकात उलगडलं: आतड्याच्या पेशींत साखर शिरताना मिठाला सोबत घेऊन जाते, त्यांच्यामागे पाणी जातं, आणि हा मार्ग कॉलऱ्यातही चालू राहतो. म्हणून साखर चवीपुरती नसते, ती मिठाची वाहक असते. १९६८ मध्ये ढाक्यातल्या संशोधकांनी रुग्णांवर ते नीट सिद्ध केलं.

तरीही बहुतेक ठिकाणी भरवसा शिरेतून दिलेल्या सलाइनवरच होता. मग १९७१ उजाडलं. बांगलादेशातून निर्वासितांचे लोंढे आले, बनगावच्या छावणीत कॉलरा पसरला, इस्पितळात जमिनीवरही जागा उरली नाही, सलाइन संपत आलं. डॉ. दिलीप महालनबीस यांनी ग्लुकोज, मीठ आणि खाण्याचा सोडा यांचं मिश्रण पिशव्यांत भरून आणवलं, पिंपांत कालवलं आणि नातेवाइकांच्या हाती पेले दिले. मृत्यूचं प्रमाण तीस टक्क्यांच्या आसपास होतं, ते ३.६ टक्क्यांवर आलं. १९५३ ते १९७१, अठरा वर्षं. त्यातली काही पुराव्यासाठी लागलीच असती, हे मान्य. पण उरलेली? मीठ-साखर कालवून आईच्या हाती द्यायचं, म्हणजे हा कसला उपचार, ही आमच्या व्यवसायातली अढी त्यात नव्हती, असं मला म्हणवत नाही. ती अजूनही पुरती गेलेली नाही. रुग्णांमध्येही नाही, "साहेब, एक सलाइन लावाच" हे वाक्य मी रोज ऐकतो.

दुसरं पान स्ट्रेप्टोकायनेजचं. हार्ट अटॅकमध्ये रक्ताची गुठळी विरघळवणारं हे औषध. १९९२ साली काही संशोधकांनी १९५९ ते १९८८ मधले या औषधाचे ३३ अभ्यास तारखेप्रमाणे एकावर एक रचून पाहिले. आठ अभ्यास आणि २,४३२ रुग्ण झाले तेव्हाच, म्हणजे १९७३ मध्येच, औषधाने जीव वाचतात हे आकड्यांत दिसत होतं. त्यानंतरही २५ अभ्यास झाले, ३४,५४२ रुग्णांवर. पुरावा होता, पण तो कुणी एका जागी मांडून बेरीज केलेली नव्हती.

यावरून, कळलं की लगेच वापरा, असं कुणाला वाटेल. तसंही नाही. हार्ट अटॅकनंतर हृदयाचे जादा ठोके पडणाऱ्यांचा अचानक मृत्यू होण्याची शक्यता जास्त असते. मग ठोके दाबणारं औषध द्या, हा तर्क कुणालाही पटेल असा. डॉक्टर ती औषधं बिनदिक्कत देत होते. १९८९ मध्ये एन्केनाइड आणि फ्लेकेनाइड या औषधांचा अभ्यास मध्येच थांबवावा लागला, कारण औषध घेणाऱ्यांतच मृत्यू जास्त होत होते. ईसीजी मात्र छान दिसत असे.

आणि तिसरी तारीख, शिळं होण्याची. फ्रेंच संशोधकांनी यकृताच्या दोन आजारांवरचे, सिरोसिस आणि हिपॅटायटिसवरचे, १९४५ ते १९९९ मधले ४७४ निष्कर्ष तपासले. त्यांपैकी ६० टक्के अजून खरे मानले जात होते, १९ टक्के कालबाह्य ठरले होते आणि २१ टक्के चक्क चूक. त्यांच्या हिशेबाने अशा ज्ञानातलं निम्मं साधारण ४५ वर्षांत बाद होतं. मी शिकलो त्यातलं किती गेलं असेल? अल्सर म्हणजे काळजी आणि तिखट, हे आम्ही पाठ केलं होतं. ते जिवाणूचं काम आहे हे दाखवणाऱ्या मार्शल आणि वॉरन यांना २००५ मध्ये नोबेल मिळालं.

नातवाला त्या दिवशी वॉर्डात ठेवलं. चमच्या-चमच्याने ओआरएस आजींनीच पाजलं. एकदा उलटी झाली तेव्हा दहा मिनिटं थांबून पुन्हा, आणखी सावकाश. संध्याकाळी पोराने लघवी केली आणि भाकरीचा तुकडा मागितला. "देऊ का?" आजींनी विचारलं. द्या म्हटलं. आईचं दूधही चालू ठेवायला सांगितलं.

निघताना त्यांनी विचारलं, "आता हे तरी पक्कं ना, की पुन्हा बदलणार?" बदललेलं आहे, मी म्हणालो. २००२ पासून पुडीतलं मीठ आणि साखर दोन्ही कमी केलंय. पुडी फोडली की पूर्ण एक लिटर पाण्यात, अर्ध्या ग्लासात नव्हे. आणि कालवलेलं पाणी २४ तासांनंतर टाकून द्यायचं. शिवाय २००४ पासून जोडीला झिंक आलंय. तुमच्या नातवाच्या वयाला रोज २० मिलिग्रॅमची एक गोळी, चमचाभर पाण्यात विरघळवून, १४ दिवस. जुलाब आधी थांबले तरी गोळी थांबवायची नाही. हे शेवटचं मी आजींकडून दोनदा म्हणवून घेतलं.