हिवाळ्यातले हिम : बालकांचे हिवाळी खेळ आणि कोडी

स्मृतिव्याख्यानाच्या पुस्तिकेत मुलांच्या खेळांवर लेख कशासाठी, असा प्रश्न काही वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. अशा पुस्तिकेत थोर पुरुषांची चरित्रे असावीत, शिक्षणविषयक चिंतन असावे, ही अपेक्षा रास्तच होय. परंतु शाळा चालते ती मुलांसाठी, आणि मूल जे काही स्वतःहून, आनंदाने शिकते, त्यातला मोठा भाग ते खेळताना व कोडी सोडविताना शिकते. म्हणून हा विषय हलका मानण्याचे कारण नाही.

हा विषय सुचण्याचे निमित्त लहानसेच होते. मुलांच्या रंगीत पुस्तकांत हिवाळ्याचे चित्र म्हणजे बर्फाने झाकलेली घरे, बर्फाचा माणूस आणि बर्फाचे गोळे फेकणारी मुले. खटकचिंचोळीच्या मुलाला हे चित्र आवडते, पण ते पाहून त्याची अशी समजूत होते की, खरा हिवाळा दुसरीकडे कोठेतरी असतो. आपल्याकडे नुसती थंडी पडते. ही समजूत दूर करावी, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

शब्दातच दडलेले कोडे

पहिले कोडे भाषेचेच घेऊ. ज्या गावात बर्फ पडत नाही, त्या गावाच्या हिवाळ्यात हिम कोठे आहे? उत्तर शब्दातच आहे. ‘हिवाळा’ हा शब्द ‘हिम’ आणि ‘काल’ यांपासून घडला. हिमाचे हिव झाले, हिमकालाचा हिवाळा झाला. आपल्या आजीबाई ‘हिव वाजते’ म्हणतात, तेव्हा त्या हिमाचेच नाव घेत असतात.

आपल्या भागातील मुलाला हे कोडे पुढेही नेता येते, कारण त्याच्या कानावर एका भाषेवर दुसरी सहज पडत असते. घरी मराठी, बाजारात कन्नड, शेजारी दखनी उर्दू आणि पाहुण्यांकडे तेलुगू. कन्नडमध्ये धुके, दव आणि हिम या तिन्हींसाठी ‘मंजु’ हा एकच शब्द चालतो. तेलुगूमध्ये तोच ‘मंचु’ होतो. थंडीला कन्नडमध्ये ‘चळि’ व तेलुगूमध्ये ‘चलि’ म्हणतात. आपली चिंच तेलुगूमध्ये ‘चिंत’ होते, कन्नडमध्ये मात्र ‘हुणसे’, आणि दखनीत ‘इमली’. शिक्षकांनी हिवाळ्यातील दहा वस्तूंची नावे फळ्यावर लिहावीत आणि प्रत्येक मुलाने ती चार भाषांत गोळा करून आणावीत. मराठी शाळेतील मुलाला शेजारच्या भाषांचे ओझे वाटू नये; ते त्याचे धन आहे, हे त्याला या खेळातून न सांगता उमगते. कोड्याला कन्नडमध्ये ‘ओगटु’ आणि उर्दूत ‘पहेली’ म्हणतात. नावे निराळी असली तरी शेकोटीभोवतीची बैठक एकच असते.

मातीच्या पसरट भांड्याचा प्रयोग

आता दुसरे कोडे. हवा गोठणबिंदूइतकी थंड नसतानाही पाण्याचा बर्फ होऊ शकेल काय?

होऊ शकेल, आणि आपल्या देशात तो केला जात असे. यंत्राचा बर्फ येण्यापूर्वी अलाहाबादेच्या परिसरात हिवाळ्याच्या रात्री बर्फ पिकविला जाई. रॉबर्ट बार्कर या इंग्रज अधिकाऱ्याने १७७५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात त्याची हकिकत प्रसिद्ध केली. उघड्या मैदानात सुमारे ३० फूट चौरस व २ फूट खोल खड्डे खणत. तळाशी वाळलेल्या उसाच्या किंवा मक्याच्या ताटांचा जाड थर अंथरत. त्यावर मातीची लहान, पसरट भांडी ओळीने मांडून, उकळून निवविलेले पाणी संध्याकाळी त्यांत भरत. आकाश निरभ्र आणि वारा शांत असला, तर पहाटे भांड्यांत बर्फ मिळे.

यामागील कारण समजण्यास कठीण नाही. प्रत्येक वस्तू आपली उष्णता सतत बाहेर टाकीत असते. ढगाळ रात्री ढग त्यातील बरीच उष्णता खाली परत पाठवितात. निरभ्र रात्री मात्र ती आकाशात निघून जाते. खालून जमिनीची ऊब मिळू नये म्हणून ताटांचा थर. त्यामुळे पाणी भोवतालच्या हवेपेक्षाही अधिक थंड होते.

बीदर जिल्ह्याचे पठार समुद्रसपाटीपासून सहाशे-सातशे मीटर उंच आहे. मार्गशीर्ष-पौषात येथील हवा कोरडी आणि आकाश स्वच्छ असते. काही रात्री पारा १० अंशांच्या खाली उतरतो. आपल्याकडे भांड्यात बर्फ होईल, असे आश्वासन मी मुलांना देणार नाही. परंतु हा प्रयोग पुढीलप्रमाणे अवश्य करावा. चार सारख्या थाळ्यांत सारखे पाणी घ्यावे. एक थाळी उघड्यावर कडब्याच्या थरावर, दुसरी उघड्यावर नुसत्या जमिनीवर, तिसरी चिंचेच्या झाडाखाली व चौथी ओसरीत ठेवावी. पहाटे शाळेतील तापमापीने चारही थाळ्यांतील पाण्याचे तापमान मोजून वहीत लिहावे. मोजण्यापूर्वी प्रत्येकाने आपला अंदाज लिहून ठेवावा. अंदाज चुकला तर खोडू नये. चुकलेल्या अंदाजाचे कारण शोधणे हेच खरे विज्ञान होय.

हा प्रयोग केलेल्या मुलाला आणखी दोन प्रश्नांची उत्तरे आपोआप मिळतात. उघड्या गवतावर दव असते, पण झाडाखालचे गवत कोरडे का? झाड ढगाप्रमाणे पांघरुणाचे काम करते, म्हणून. आणि पहाटे गावातील चुलींचा धूर वर न जाता घरांच्या छपरांवर चादरीसारखा का पसरतो? रात्री जमीन निवते, तिला लागलेली हवाही निवते. वरची हवा मात्र तुलनेने उबदार राहते. खालची थंड, जड हवा धुराला घेऊन तेथेच बसते. ऊन चढले, जमीन तापली, की धुराला वाट मिळते.

सहा पाकळ्यांचे कोडे

बर्फाचा कण नेहमी सहा कोनांचाच का, हा प्रश्न योहान्नेस केप्लर या ज्योतिर्विदाला पडला आणि १६११ साली त्याने त्यावर एक छोटी पुस्तिका लिहिली. त्याने विचार केला तो मधमाश्यांच्या पोळ्याचा आणि डाळिंबाच्या दाण्यांचा. म्हणजे आपल्या मुलांच्याही हाताशी असलेल्या वस्तूंचा. पुढे १८८५ साली अमेरिकेतील विल्सन बेंटली या शेतकऱ्याच्या मुलाने सूक्ष्मदर्शकाला कॅमेरा जोडून हिमकणाचे छायाचित्र घेतले आणि आयुष्यभरात अशी पाच हजारांहून अधिक छायाचित्रे काढली. तो खेड्यात राहणारा, शेती करणारा मनुष्य होता, हे मुलांना आवर्जून सांगावे.

मुलांनी करावयाचे कोडे असे : एक रुपयाचे एक नाणे मधे ठेवा. त्याला चिकटून भोवती तशीच किती नाणी बरोबर बसतात? पाच बसविली तर फट राहते, सात मावत नाहीत. नेमकी सहाच बसतात. सारख्या गोल वस्तू दाटीवाटीने बसल्या की सहाची रचना कशी उमटते, हे येथे हातांनी कळते. पाण्याच्या कणांची बर्फातील मांडणीही षट्कोनी असते आणि म्हणून हिमकणाला सहा भुजा फुटतात.

यानंतर रद्दी कागदाचे हिमफूल करावे. गोल कागद मधोमध दुमडावा. त्या अर्धगोलाचे तीन सारखे भाग होतील अशा घड्या घालाव्यात आणि पुन्हा एकदा मधोमध दुमडावे. आता कात्री लावण्यापूर्वी सांगा : घडीच्या कडेवर अर्धगोल कापला, तर उलगडल्यावर किती भोके दिसतील? आणि कड सोडून मधेच एक भोक पाडले तर किती? उत्तरे लेखाच्या शेवटी दिली आहेत. परंतु ती पाहण्यापूर्वी कागद कापून पाहावा.

चिंचोक्यांचा डाव

आपल्या गावाच्या नावातच चिंच आहे. तेव्हा चिंचोक्यांचा खेळ विसरून कसे चालेल? चिंचोका फोडला वा एका बाजूने घासला की एक बाजू पांढरी व दुसरी काळपट होते. असे चार तुकडे फाशांसारखे टाकून पाच-पाच घरांच्या पटावर खेळावयाचा डाव आपण मराठीत चल्लस म्हणून ओळखतो, तर कन्नड मुले त्याला ‘चौकाबारा’ म्हणतात. जितक्या पांढऱ्या बाजू वर, तितके दान. चारही काळ्या पडल्या तर आठ.

थंडीत घरातच बसावे लागले, तर या खेळातून गणित शिकविता येते. चार तुकडे एकूण १६ प्रकारांनी पडू शकतात. त्यांपैकी एकाचे दान ४ प्रकारांनी, दोनाचे ६ प्रकारांनी, तिनाचे ४ प्रकारांनी येते. चार आणि आठ मात्र प्रत्येकी एकाच प्रकाराने. म्हणजे १६० वेळा दान टाकले, तर सुमारे ४०, ६०, ४०, १० आणि १० असा हिशेब यावयास हवा. मुलांनी खरोखर १६० दाने टाकून नोंद करावी. हिशेब फार चुकला तर दोष नशिबाला द्यावयाचा की वाकड्या घासलेल्या चिंचोक्याला, हे त्यांनीच ठरवावे.

अमावास्येचे आकाश

मार्गशीर्ष अमावास्येला आपल्याकडे वेळ अमावास्या असते. शेतात कोप करून पांडवांची पूजा होते. भज्जी, आंबील आणि उंडे घेऊन सारे गाव रानात जाते. दिवसाच्या या आनंदाला रात्रीच्या अभ्यासाची जोड द्यावी. चंद्र नसल्याने आकाश काळेभोर असते. कृत्तिकांच्या पुंजक्यात नुसत्या डोळ्यांनी किती तारे दिसतात, ते प्रत्येकाने मोजावे. बहुतेकांना सहा दिसतात. मृगाच्या पोटातील बाणाचे तीन तारे जवळजवळ नेमक्या पूर्वेला उगवतात. दिशा शोधण्याचा याहून सोपा उपाय नाही. त्या तीन ताऱ्यांच्या रेषेत खाली पाहिले की व्याध दिसतो. रात्रीच्या ताऱ्यांत तो सर्वांत तेजस्वी. त्याचा प्रकाश आपल्यापर्यंत येण्यास सुमारे साडेआठ वर्षे लागतात. तिसरी-चौथीतील मुलाला सांगावे, ‘बाळ, तू जन्मलास त्या सुमारास निघालेला किरण आज तुझ्या डोळ्यांत शिरतो आहे.’

दिवसा सावलीचे कोडे घालावे. २२ डिसेंबरच्या सुमारास, सूर्य सर्वांत उंच असताना, १०० सेंटिमीटरची उभी काठी आपल्या गावी सुमारे ८८ सेंटिमीटर सावली पाडते. त्यानंतर सावली आखूड होऊ लागते, म्हणजे सूर्य उत्तरेकडे वळला. मग मकरसंक्रांत सुमारे २४ दिवस उशिरा का? पृथ्वीचा आस संथपणे डोलतो. त्यामुळे सुमारे ७२ वर्षांत एका दिवसाचा फरक पडतो. २४ ला ७२ ने गुणले की १७२८ येतात. सुमारे सतराशे वर्षांपूर्वी हे दोन्ही दिवस एकत्र होते.

गारा, आगटी आणि सावधानता

आपल्या मुलांना आकाशातून पडणारा बर्फ दिसतो तो गारांच्या रूपाने. गार कापली तर कांद्यासारखे थर दिसतात. वादळी ढगातील झोताने ती वर उचलली जाऊन तिच्यावर थर चढतात. मात्र गारा वेचताना मुलांनी एक विसरू नये. २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये मराठवाड्यासह मोठ्या प्रदेशात गारपीट झाली आणि हाताशी आलेली पिके झोपली. जी गार मुलाच्या ओंजळीत खेळणे असते, तीच त्याच्या बापाच्या शाळूवर घाव असतो. गारा पडत असताना झाडाखाली उभे न राहता पक्क्या घरात थांबावे, आणि थांबल्यावर वेचाव्यात.

हुरड्याच्या आगटीजवळ नायलॉनचे कपडे घालून बसू नये. निखाऱ्यांची शेगडी बंद खोलीत ठेवून कोणीही झोपू नये. तिच्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइड वायूला वास नसतो आणि झोपेतच प्राण जातात. संक्रांतीच्या पतंगाला नायलॉनचा मांजा लावू नये. २०१७ साली राष्ट्रीय हरित लवादाने त्यावर बंदी घातली, ती पक्ष्यांच्या व माणसांच्या कापलेल्या गळ्यांमुळे.

पाच नवी कोडी

१. रात्रभर गवतावर मोती सांडले. ऊन आले आणि चोरून नेले.
२. शंभर तुकड्यांची एक बाई, रात्री सर्वांना कुशीत घेई.
३. अंगभर काटे, पण टोचत नाहीत. तोंडात घातले तर राहत नाहीत.
४. पौषात माझ्या तोंडून धूर, पण विस्तव माझ्यापासून दूर.
५. वरून आले तेव्हा दगड, हाती घेतले तेव्हा पाणी.

समारोप

हिवाळा हाच ऊसतोडीचा हंगाम. याच दिवसांत काही मुले आईबापांबरोबर दूरच्या फडावर जातात आणि वर्गातील त्यांच्या जागा रिकाम्या राहतात. त्यांच्याबरोबर पाटी-पुस्तक जाईलच असे नाही. परंतु चार चिंचोके खिशात मावतात, कोडी ओझ्याविना जातात, आणि व्याधाचा तारा फडावरूनही दिसतो. परत आलेल्या मुलाला ‘तुझा किती अभ्यास बुडाला’ असे विचारण्यापूर्वी ‘तू कोणते नवे कोडे आणलेस’ असे विचारावे. त्याने कोठून तरी एक कोडे आणलेले असतेच. त्या एका कोड्याच्या बळावर ते मूल पुन्हा वर्गात मानाने बसू शकते.

गावात ज्येष्ठ मंडळी आहेत तोवर त्यांच्याकडील कोडी मुलांनी वहीत उतरवून घ्यावीत. मोबाईलच्या पडद्यावर जगभरचे खेळ येतात. आपल्या ओसरीवरचे खेळ मात्र आपणच सांगितले तर उरतील. गुरुजनांची स्मृती जतन करण्याचा हाही एक मार्ग आहे, असे मला नम्रपणे वाटते.

उत्तरे : हिमफूल – कडेवर कापल्यास सहा भोके, मधे पाडल्यास बारा. कोडी – १. दव; २. वाकळ; ३. संक्रांतीचा हलवा, ४. श्वासाची वाफ, ५. गारा.