दोन भट्ट्यांचा लाडू

पहिल्यांदा रम बॉल करायला घेतले तेव्हा माझ्या हाताला लाडवांची सवय होती. लाडू म्हटला की पाक आला आणि पाक म्हटला की गॅस. म्हणून साखर आणि पाणी उकळायला ठेवलं, त्यातच रम ओतली आणि एकतारी पाक होईपर्यंत ढवळत राहिले. काय वास सुटला होता घरभर! शेजारच्यांनी दार वाजवून विचारलं, काय चाललंय म्हणून. पाक झाला, त्यात बिस्किटांचा चुरा कालवला, गोळे वळले, एक तोंडात टाकला. कोको होता, अक्रोड होते, गोडी होती. रम जवळजवळ नव्हतीच. ती पडद्यांना लागली होती, भिंतींना लागली होती, शेजाऱ्यांच्या नाकापर्यंत पोचली होती. फक्त लाडवात उरली नव्हती. (शिवाय उघड्या आचेवर दारूची वाफ पेट घेऊ शकते, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. तुम्ही हा प्रयोग करू नका.)

त्या फसलेल्या घाण्यानेच मला या गोडाच्या मागे लावलं.

पाणी 100 अंशांना उकळतं, दारूतलं अल्कोहोल 78 अंशांनाच. म्हणजे पातेलं तापू लागलं की आधी निघून जायची घाई अल्कोहोलला असते आणि जाताना ते सुगंधाचे कितीतरी हलके रेणूही सोबत नेतं. तरी ‘शिजवलं की दारू सगळी उडते’ हेही खरं नव्हे. अमेरिकेच्या कृषी खात्याचा एक तक्ता आहे. उकळत्या रसात दारू घालून लगेच आच बंद केली तर 85 टक्के अल्कोहोल उरतं. पंधरा मिनिटं रटरटवलं तर 40 टक्के, एक तास शिजवलं तर 25 टक्के. आणि मला सगळ्यात नवल वाटलं ते याच तक्त्यातल्या दुसऱ्या एका ओळीचं: अजिबात न तापवता पदार्थ नुसता रात्रभर ठेवला तरी 70 टक्केच उरतं. आच नाही, चूल नाही, तरीही ते निघून जातच असतं. रम बॉलचा डबा घट्ट झाकणाचा का हवा, याचं उत्तर त्या ओळीत आहे.

पण हीच पळपुटी सवय नसती तर रमही नसती. दारू गाळणारा माणूस नेमकं मी केलं तेच करतो, फक्त तो वाफ सोडून देत नाही, पकडतो. उन्हाळ्यात गोव्यातल्या भट्टीवर काजूच्या बोंडांचा आंबलेला रस भाण नावाच्या भांड्यात उकळतो, अल्कोहोल पाण्याच्या आधी वर उठतं, आणि ती वाफ थंड करून उतरवली की पहिल्या धारेला उराक आणि पुन्हा गाळल्यावर फेणी मिळते. रम अशीच, फक्त बोंडांच्या जागी उसाची मळी. माझ्या स्वयंपाकघरातही त्या दिवशी भट्टीच लागली होती, फक्त वाफ उतरवून घ्यायला नळी नव्हती.

भट्टी हा शब्द मराठीत पाव भाजणाऱ्यालाही चालतो आणि दारू गाळणाऱ्यालाही, आणि या गोडाचं मर्म मला त्या एका शब्दात सापडतं. ‘न भाजता होणारा पदार्थ’ म्हणून आपण रम बॉलकडे पाहतो, पण त्याला आगीचा स्पर्श नाही असं कुठे आहे? बिस्किट बेकरीच्या भट्टीतून आलेलं, रम दुसऱ्या भट्टीतून. कोकोच्या बिया भाजलेल्या, अक्रोड मंद आचेवर परतलेले. आगीचं सगळं काम आधीच होऊन गेलेलं असतं. शेवटी हे सगळे एका परातीत जमतात तेव्हाच फक्त आग दूर ठेवायची असते.

गोडात दारू मुरवायची ही गोष्ट ज्या बाईंनी धंद्यात उतरवली त्या अमेरिकेतल्या केंटकी राज्याच्या. राजधानी फ्रँकफर्टमध्ये रूथ हॅन्ली आणि रेबेका गूच या दोघी बदली शिक्षिका होत्या. 1919 साली शाळा सोडून त्यांनी कँडीचा उद्योग सुरू केला, आणि जागा घेतली ती तिथल्या एका हॉटेलच्या बारची. दारूबंदीमुळे बार ओस पडला होता. पुढे रेबेका लग्न होऊन बाजूला झाल्या, रूथ विधवा झाल्या, महामंदी आली. दुकान मात्र रूथनी टिकवलं. 1936 मध्ये फ्रँकफर्ट शहराला दीडशे वर्षं झाली. त्या सोहळ्यात एलेनॉर ह्यूम ऑफट नावाच्या बाई त्यांना म्हणाल्या की जगातल्या सर्वांत उत्तम चवी दोनच, एक बर्बन व्हिस्कीचा घोट आणि दुसरी तुमची मिंट कँडी. दारूबंदी उठून तेव्हा तीन वर्षं झाली होती. रूथच्या डोक्यात ते वाक्य बसलं. या दोन चवी एका घासात आणायला त्यांना दोन वर्षं लागली. 1938 मध्ये बर्बन बॉल तयार झाला: बर्बन घातलेलं मऊ साखरेचं क्रीम, त्यावर डार्क चॉकलेटचं आवरण, वर पेकन. नेमकी कृती त्यांच्या घराने आजही गुपित ठेवली आहे.

दोन वर्षं का लागली असतील, हे ज्याने पातळ दारू घट्ट गोडात मुरवायचा प्रयत्न केला आहे त्याला कळेल. वरचं चॉकलेट नुसतं चवीचं नाही, ते झाकण आहे. कोकोच्या चरबीचा तो पातळ पापुद्रा आतलं अल्कोहोल आणि ओलावा धरून ठेवतो.

आणि बर्बन तरी कसली निवडली! या दारूला कायद्याने किमान 51 टक्के मका लागतो आणि आतून जाळून कोळसा केलेलं ओकचं कोरं पिंप लागतं. लाकडाला ताठपणा देणारं लिग्निन त्या धगीने तुटतं, आणि त्यातून जे निपजतं त्यात व्हॅनिलिन असतं. श्रीखंडात वेलदोडा तसा आइस्क्रीममध्ये ज्याचा वास ओळखीचा, तोच व्हॅनिलाच्या शेंगेतला रेणू, इथे जळक्या लाकडातून आलेला. म्हणजे बर्बन बॉलमध्ये पिंप जाळणारी तिसरी भट्टीही आहे.

घरी करायचा प्रकार सोपा. माझं प्रमाण सांगते. मारी बिस्किटं 250 ग्रॅम, अक्रोड 120 ग्रॅम, पिठीसाखर 120 ग्रॅम, तीन चमचे कोको, तीन मोठे चमचे मध आणि 90 मिलिलिटर डार्क रम. बिस्किटं कापडी पिशवीत घालून लाटण्याने कुटायची. मिक्सरने पीठ होतं, आणि आपल्याला रवा हवा. कोरडं सगळं परातीत एकत्र करायचं, मधात रम कालवून वरून ओतायची.

आता परातीत जे होतं ते जवळून बघा. आपल्याकडच्या रमेत 42.8 टक्के अल्कोहोल असतं, म्हणजे निम्म्याहून जास्त पाणीच. साखर अल्कोहोलमध्ये विरघळत नाही म्हटलं तरी चालेल. ती पाण्यात विरघळते, आणि अफाट विरघळते. रमेतलं पाणी पिठीसाखरेवर तुटून पडतं आणि आचेशिवाय, बोटांमध्येच पाक तयार होतो. मध त्याला पुन्हा खडीसाखरेसारखं कडक होऊ देत नाही. अल्कोहोल तिकडे वेगळ्याच कामाला लागतं. ते पाण्याशीही जमवून घेतं आणि तेलाशीही, म्हणून अक्रोडाच्या तेलातला आणि कोकोच्या चरबीतला वास ते गोळा करून सगळीकडे पोचवतं. मिश्रण आधी भुरभुरीत दिसतं. रम आणखी घालावीशी वाटते. घालू नका. दहा मिनिटं झाकून ठेवा. तेवढ्या वेळात बिस्किटाचा कण ओलावा पिऊन फुगतो, आणि मूठ वळली की बेसनाच्या लाडवासारखा गोळा बांधला जातो. तीस लाडू होतात.

लगेच खाल्लात तर नाराज व्हाल. तेव्हा बिस्किट वेगळं लागतं, साखर वेगळी, आणि रम घशात टोचते. ते टोचणं काय आहे, हेही ऐकण्यासारखं आहे. आपल्या तोंडात, घशात उष्णता ओळखणारे काही संवेदक असतात. मिरचीतलं तिखटही त्याच संवेदकांना चेतवतं. एरवी ते 42 अंशांच्या आसपास जागे होतात, पण अल्कोहोल लागलं की 34 अंशांनाच होतात. आपलं शरीर 37 अंशांचं. म्हणजे घशात जी ऊब जाणवते ती दारूची नसते, आपलीच असते. एरवी न कळणारी स्वतःची ऊब त्या घटकेला कळते.

मग चार दिवस थांबायचं. इंग्रजीत याला काही म्हणोत, मराठीत त्याला हक्काचा शब्द आहे: मुरणं. लोणचं मुरतं, मोरावळा मुरतो, तसा हा लाडूही मुरतो. बाहेरून काही दिसत नाही, पण आत ओलावा ओल्या जागेकडून कोरड्या जागेकडे सरकत असतो. साखर पाण्याला इतकं बांधून ठेवते की बुरशीला प्यायला ते उरत नाही. वरची धार बोथट होते, वास आतपर्यंत जातो.

चुऱ्याचं हे कौतुक आपल्या घरापुरतं नाही. डेन्मार्कच्या बेकरीत उरलेल्या केक-पेस्ट्रीत कोको, जॅम आणि रमचा अर्क मळून त्याचे गोळे करतात. स्वीडनमध्ये उरलेल्या चुऱ्यात पुंश नावाच्या मद्याची चव घालतात, त्यावर हिरव्या मार्झिपॅनची गुंडाळी करतात आणि दोन्ही टोकं चॉकलेटमध्ये बुडवतात. लोक त्याला लाडाने ‘डाम्सूगारे’, म्हणजे धूळ ओढायचं यंत्र म्हणतात, कारण दिसतंही तसंच आणि बेकरीतला चुराही तेच ओढून घेतं. ते पुंश जावाच्या अरॅकपासून होतं; 1731 साली गॉथेनबर्गमध्ये स्थापन झालेल्या स्वीडिश ईस्ट इंडिया कंपनीची जहाजं पूर्वेकडून ती दारू नेत. पुंश म्हणजे इंग्रजीतलं ‘पंच’च, आणि हा शब्द मुळात आपल्याच ‘पाच’ या आकड्यावरून गेला असं मानलं जातं: दारू, साखर, लिंबू, पाणी, मसाला. दूर थंडीतल्या त्या हिरव्या मिठाईतल्या मद्याच्या नावात आपली पाच बोटं असावीत, याने मी अजून हरखते.

आपल्याकडेही मुंबई-पुण्यातल्या बेकऱ्यांच्या काचेमागे डिसेंबरात रम बॉल दिसतात, बरेचदा केकच्या कापलेल्या कडांचेच केलेले.

एक हिशोब मात्र सांगून ठेवते. 90 मिलिलिटर म्हणजे तीन छोटे पेग, लाडू तीस. दहा लाडवांत एक पेग. थोडा असला तरी तो आहे, आणि आच न लावल्याने बराचसा टिकूनही आहे. त्यामुळे हे लाडू मुलांसाठी नाहीत, आणि गाडी चालवणाऱ्याने किंवा दारू वर्ज्य असणाऱ्याने चुकून उचलू नयेत म्हणून मी डब्यावर मोठ्या अक्षरांत ‘रम’ लिहिते.

गेल्या नाताळात असा एक डबा वांद्र्याच्या मैत्रिणीकडे नेला. 21 तारखेला वळलेले लाडू होते, 25 ला झाकण उघडलं. घट्ट डब्यात साठलेला सगळा वास एकदम बाहेर आला, पहिल्या फसलेल्या घाण्याच्या दिवशी घरभर पसरला होता तोच. तिने एक लाडू अर्धा तोडला. कडेपासून मधल्यापर्यंत सारखाच काळपट, ओलसर, कुठेही कोरडा बिस्किटाचा ठिपका नाही. जानेवारीत डबा परत आला तो नाताळच्या कुलकुलांनी भरून.