विश्लेषण : कंपनी विकली गेली, मनगटावरच्या घड्याळाचे काय?

धावण्याचे अंतर, हृदयाचे ठोके, झोप यांची नोंद ठेवणारे घड्याळ निम्मे मनगटावर, निम्मे कंपनीच्या सर्व्हरवर असते. त्यामुळे मालक बदलला की ग्राहकालाही झळ बसते. ‘पेबल’च्या ग्राहकांनी ते अनुभवले. डिसेंबर २०१६मध्ये ‘फिटबिट’ने पेबलचे सॉफ्टवेअर आणि काही अभियंते घेतले, पण विकलेल्या घड्याळांच्या वॉरंटीची जबाबदारी घेतली नाही. उत्पादन थांबले, जून २०१८अखेर सर्व्हरही बंद झाले. त्यानंतर ही घड्याळे उपयोगी राहिली ती ‘रिबल’ या हौशी मंडळींच्या गटामुळे.

पुढे फिटबिटच विकली गेली. २.१ अब्ज डॉलरचा हा व्यवहार ‘गूगल’ने जानेवारी २०२१मध्ये पूर्ण केला. या वेळी प्रश्न वॉरंटीचा नव्हता, वर्षानुवर्षे साठलेल्या नोंदींचा होता. घड्याळ घेताना त्या फिटबिटकडे सोपवल्या होत्या, गूगलकडे नव्हे! २०२३पासून तर नव्या ग्राहकांना गूगल खाते सक्तीचे झाले. युरोपीय आयोगाने व्यवहाराला मंजुरी देतानाच अट घातली होती : युरोपातील वापरकर्त्यांची आरोग्यविषयक माहिती १० वर्षे जाहिरातींसाठी वापरायची नाही. इतरत्रही ती वापरणार नाही, असे गूगल सांगते. पण तिथे ही आयोगाची अट नाही, कंपनीचे आश्वासन आहे.